बर्फावरून आलेला माणूस

६ जानेवारी १९२७, गुरुवार

ही वही पापांच्या, म्हणजे माझ्या वडिलांच्या, तळघराची. कुठल्या पिंपात कुठल्या साली कुठल्या मळ्याची वाइन भरली ते लिहायची. १९१९ नंतर एकही ओळ नाही. दारूबंदी आली, सरकारी माणसं बोटीने बेटावर उतरली, कुऱ्हाडीने पिंपं फोडून गेली आणि पुढची पानं कोरीच राहिली. आजची गोष्ट कुणाला सांगायची सोय नाही, म्हणून इथे लिहिते.

एवाल्डने आज सरोवरावरून माणूस आणला. एवाल्ड, माझा भाऊ, सकाळी गोठलेल्या सरोवरावरून मोटारीने कॅनडाकडून व्हिस्कीची खेप घेऊन येत होता. बोकड नावाच्या खडकापाशी बर्फावर हा एकटाच बसलेला. घोडा नाही, गाडी नाही, की आसपास कुणाची पावलं नाहीत. ओठ निळे पडलेले.

"टाकून येणार होतो," एवाल्ड म्हणाला. "सरकारी हेर असला तर? पण हेडी, हेर एवढा बावळट नसतो गं. मला विचारतो, तुमची मोटार संग्रहालयातली आहे का!"

मी त्याला चुलीजवळ बसवलं, बटाट्याचं गरम सूप दिलं. नाव नोलन प्रुइट. अंगात कागदासारखा पातळ कोट, पण आत हात घातला तर भट्टीसारखा उबदार. सूप संपल्यावर उठला आणि स्वतःचा वाडगा स्वतः धुतला. पापा बघतच राहिले.

८ जानेवारी

माणूस वेडा आहे, किंवा तसं सोंग करतो. म्हणतो, मी २०१८ सालचा. काम काय, तर सरोवरावरचा बर्फ मोजणं. खडकाजवळ त्याने नारिंगी खांब रोवला होता. खांबाच्या टोकाला वाऱ्याने फिरणाऱ्या चार वाट्या. धुकं आलं. दहा पावलं चालला, मागे वळला, तर खांब नाही, पलीकडचे दिवे नाहीत, काहीच नाही. आणि मग एवाल्डची मोटार.

एवाल्ड हसून हसून लोळला. "पाहुणे, जी कुठली बाटली प्यायलात ती मला दाखवा. तिचाच धंदा करतो!"

मी हसले नाही. माझी खात्री आहे, हा सरकारचाच माणूस. तळघराची किल्ली ॲप्रनच्या खिशात ठेवली आहे.

१५ जानेवारी

किल्ली परत खुंटीला लावली.

आज त्याने मला एक फोटो दाखवला. सात वर्षांची मुलगी, पुढचे दोन दात पडलेले. फोटो रंगीत, पण हाताने रंगवलेला नाही. तिच्या स्वेटरवर लोकरीचा एक धागा सुटलाय तोसुद्धा दिसतो. खाली शाळेचं नाव आणि साल छापलेलं. मी ते साल तीन वेळा वाचलं.

"नाव काय हिचं?"

"स्काय."

"आभाळ? मुलीचं नाव आभाळ?"

"आमच्याकडे ठेवतात," तो म्हणाला. पहिल्यांदाच हसला, आणि मग तोंड भिंतीकडे केलं. बायको वेगळी राहते. मुलगी अर्धा आठवडा तिच्याकडे, अर्धा त्याच्याकडे. मुलाची अशी वाटणी करतात हे मला कसंसंच वाटलं, पण बोलले नाही. तो म्हणाला, "बुधवारी तिला शाळेतून आणायची माझी पाळी होती. ती फाटकाशी उभी राहिली असेल."

मोठा पुरुष रडतो तेव्हा काय करायचं असतं ते मला माहीत नाही. मी पाव कापत राहिले. बराच पाव कापला.

१९ जानेवारी

एवाल्डने आणि त्याने आपसात ठरवलं. नोलन गिरमिटाने बर्फाला भोकं पाडून जाडी मोजणार, एवाल्डला पक्का रस्ता दाखवणार. बदल्यात एवाल्ड दर खेपेला त्याला बोकड खडकाकडे नेणार, त्याची वाट शोधायला. एवाल्डचा अजून विश्वास नाहीच. पण बर्फाची याला जी जाण आहे ती बेटावर कुणाला नाही, असं म्हणतो. नुसता आवाज ऐकून इंच सांगतो.

मला हे पसंत नाही. एवाल्डने मोटारीची दारं काढून टाकलीत, म्हणजे बर्फ फुटला तर उडी मारता येते. ज्या कामाला निघण्याआधी दारं काढावी लागतात ते काम कशाला करायचं?

"मग काय करू?" एवाल्ड म्हणतो. "सात वर्षं आपण द्राक्षांचा रस विकतोय. रस पिऊन कुणी गाणं म्हटलेलं ऐकलंयस?"

जेवताना पापांनी नोलनला अगदी सहज विचारलं, "मग तुमच्या काळात वाइन करू देतात का?"

"देतात. बंदी १९३३ साली उठली. डिसेंबरात."

पापा बोटांवर मोजत बसले. "सहा, जवळजवळ सात वर्षं. मी एकोणऐंशीचा होईन." मग मला म्हणाले, "हेडविग, पूर्वेकडच्या वेली उपटायच्या नाहीत. यंदा छाटणी नीट करायची." गेल्या वसंतात त्यांनीच सांगितलं होतं की उपटून तिथे बटाटे लावा. खोकला आहेच, पण आज दोनदा वाढून घेतलं.

२३ जानेवारी, रविवार

चर्चहून आल्यावर भांडी धुतली. तो पुसत होता. म्हणाला, "हे घर मी पाहिलंय. माझ्या वेळी पिवळ्या रंगाचं आहे. उन्हाळ्यात लोक येतात, व्हरांड्यात बसून वाइन पितात."

"आणि घरात कोण राहतं? आमच्यापैकी?"

तो बशी पुसत राहिला. ती केव्हाच कोरडी झाली होती. मग म्हणाला, एवाल्डने गिरमिटाला तेल दिलंय का बघून येतो. त्याला आठवत नसावं. घरमालकांची नावं कोण लक्षात ठेवतं!

त्याच्या काळी सरोवर धड गोठतही नाही म्हणे. दहा हिवाळ्यांत एखाद्या वेळी. मी म्हटलं, मग पोरं घसरगुंडी कुठे खेळतात? तो म्हणाला, खेळत नाहीत. याचं मला इतकं वाईट का वाटावं?

२९ जानेवारी

वारा. पापांचा खोकला. मासे आणायला कोळ्यांच्या झोपडीपर्यंत जाऊन आले. लिहिण्यासारखं काही नाही.

३ फेब्रुवारी

मी एक्केचाळीस वर्षांची बाई आहे. आई गेली तेव्हा मी अठराची होते. तेव्हापासून दोन पुरुषांचं जेवण आणि चार एकर द्राक्षं सांभाळते आहे. पूर्वी कुणी विचारलं नाही असं नाही. शाळामास्तर होते एक. पण पापांना कोण बघणार, म्हणून राहिलं.

आज आम्ही दोघं पूर्वेकडच्या वेली छाटत होतो. त्याला काहीच येत नाही, चांगला डोळा असलेली काडी नेमकी कापतो. मी म्हटलं, "अहो, ती ठेवायची! तिच्यावरच तर द्राक्षं येणार!" त्याने कापलेली काडी परत वेलीला लावून धरली आणि म्हणाला, "आता?" मला हसू आवरेना. कितीतरी वर्षांनी पोट दुखेपर्यंत हसले. डोळ्यांत पाणी आलं ते त्याने हातमोजा काढून पुसलं, आणि तो हात काढून घेतला नाही. पुढचं लिहीत नाही.

त्याच्या तोंडाला बर्फाचा वास येतो.

१० फेब्रुवारी

आज तो म्हणाला, "हेडी, मी अकरा वेळा जाऊन आलो. काही नाही. दार एकदाच उघडलं असेल. मी वेड्यासारखा खडकाभोवती फिरतो आणि इथे तू चुलीपाशी एकटी असतेस."

मी बादली खाली ठेवली.

"शनिवारी शेवटचं जातो. नसलं तर मग नाहीच. मग मी राहीन. तू म्हणशील तर."

मी म्हणाले, "मी कशाला नाही म्हणेन?" आणि आत जाऊन पिठात हात घातले. त्याने तो फोटो चुलीवरच्या फळीवर ठेवला. म्हणाला, इथे असू दे. त्या मुलीकडे मला बघवत नाही. म्हणून मीच फोटोपुढे कॉफीचा डबा सरकवला.

एवाल्डला सांगितलं तर म्हणाला, "चला, घरात एक तरी लग्न होणार! शनिवारी खास याच्यासाठी खडकाला वळसा घालतो. आहेर समज."

१२ फेब्रुवारी

एवाल्ड गेला.

१७ फेब्रुवारी

आता लिहू शकते.

शनिवारी सकाळी स्वच्छ ऊन होतं. खेप घेऊन परत येताना ते पक्का रस्ता सोडून खडकाकडे वळले. नोलन गिरमिट घेऊन दोनशे पावलं पुढे चालत होता. खडकाशी खालून प्रवाह असतो, तिथला बर्फ फसवा. नोलनने हात वर करून थांब म्हणून खूण केली. एवाल्डने भोंगा वाजवून उत्तर दिलं, चेष्टेने. आणि मोटार मागच्या बाजूने खाली बसली.

त्याने उडी मारली होती. पण कोटाचा पट्टा ब्रेकच्या दांड्यात अडकला. नोलन पोटावर सरपटत गेला, त्याचा हात धरला. कोपरापर्यंत पाण्यात. हातमोजा निघून नोलनच्या हातात आला.

नोलन दोन मैल चालत आला. दारात उभा राहिला आणि नुसता तो हातमोजा पुढे केला. लोकरीचा, मी विणलेला.

एवाल्डची खुर्ची भिंतीकडे वळवून ठेवली आहे पापांनी. कोळी गळ टाकून टाकून शोधताहेत. सापडत नाही.

२० फेब्रुवारी

२९ जानेवारीला मी लिहिलं, लिहिण्यासारखं काही नाही. ते खोटं होतं. स्वतःच्या वहीत, जिथे वाचणारं कुणी नाही, तिथेही मी खोटं लिहिलं.

त्या दिवशी मासे घेतल्यावर मी खडकाकडे चालत गेले. का गेले ठाऊक नाही. त्याची वाट मलाच सापडली तर काय होईल ते बघायला गेले असेन. ऊन होतं. खडकाच्या पश्चिमेला तेवढ्याच जागी धुकं, गवताच्या गंजीएवढं. आणि धुक्यात नारिंगी खांब. वर चार वाट्या फिरत होत्या. मी वीस पावलांवर होते. यंत्राची घरघरही ऐकू आली, कुठून तरी खूप वरून. मी उभी राहिले. मग मासे उचलून घरी आले आणि ते तळले, त्याच्या पानात वाढले.

रोज ठरवत होते, उद्या सांगीन. वेली छाटताना ठरवलं, पीठ मळताना ठरवलं. चौदा दिवस झाले.

सांगितलं असतं तर तो ३० तारखेलाच घरी गेला असता. शनिवारी मोटार खडकाकडे वळलीच नसती.

आज त्याला सगळं सांगितलं. तो पापांच्या बुटांना तेल लावत होता. आधी त्याला समजलंच नाही. "कधी?" म्हणाला. मी तारीख सांगितली.

"मी तुला तिचा फोटो दाखवला होता," तो म्हणाला.

"हो."

"तू फोटो पाहिला होतास, हेडी."

तो ओरडला असता तर बरं झालं असतं. त्याने बूट खाली ठेवले, फळीवरून कॉफीचा डबा बाजूला केला, फोटो खिशात घातला आणि निघाला. जाता जाता दारातून म्हणाला, "एवाल्डला वाटत होतं तो आपल्याला आहेर देतोय."

कोळ्यांच्या झोपडीत राहायला गेला आहे.

२ मार्च

बर्फावर पाणी साचू लागलंय. पाव आणि खारे मासे घेऊन झोपडीपर्यंत जाते, दाराशी ठेवते. तो आत असतो. धूर दिसतो. मग खडकाकडे जाते. तो सकाळी जातो, मी दुपारी, म्हणजे दोन वेळा नजर राहते. आमचं बोलणं झालेलं नाही, पण काल माझ्या वाटेवर जिथे बर्फ पातळ होता तिथे त्याने काठ्या रोवून ठेवल्या होत्या.

पापा अंथरुणात आहेत. डॉक्टर म्हणाले सर्दी उतरली छातीत, उन्हं आली की बरं वाटेल. मलाही तसंच वाटतं. आज त्यांनी अचानक विचारलं, "छाटणी राहिली का गं?" मी म्हटलं, आठ ओळी राहिल्यात.

६ मार्च, रविवार

चर्चला गेले नाही. सकाळपासून मन लागेना म्हणून खडकावर गेले, आणि धुकं होतं. खांब होता.

मी धावले. दोनदा पडले. झोपडीचं दार न ठोठावता उघडलं. त्याने माझ्याकडे पाहिलं आणि काहीही न विचारता तो पातळ कोट अंगात घातला.

घोट्यापर्यंतच्या पाण्यातून आम्ही चालत गेलो. तो पुढे, गिरमिटाने ठोकत. मी त्याच्या पावलांवर पाऊल टाकत. अर्ध्या वाटेत त्याने मागे हात केला, मी धरला. खांब अजून तिथेच होता. वाट्या फिरत होत्या.

"चल माझ्याबरोबर," तो म्हणाला.

"पापा आहेत."

"पापांचं—" म्हणाला आणि थांबला. मग म्हणाला, "हो. तू त्यांच्याजवळ असायला हवं."

मी म्हटलं, "नोलन, मला माफ कर असं म्हणायलाही मला तोंड नाही."

"मी माफ केलंय असं म्हणणार नाही. खोटं होईल. ती सात वर्षांची आहे, हेडी, आणि तिला कुणी सांगितलेलं नाही मी कुठे आहे." त्याने गिरमिट खाली ठेवलं. "पण ते चौदा दिवस माझेही होते. ती छाटणी. तसे दिवस मला पुन्हा मिळणार नाहीत. हेही खरंच आहे."

त्याने माझ्या डोक्यावरचा रुमाल सरळ केला, वारा लागू नये म्हणून कानांवर ओढला. मग धुक्यात गेला. दहा पावलं मोजली मी. अकराव्या पावलाला बर्फ कडकडला, आवाज माझ्या पायांखालून किनाऱ्यापर्यंत गेला. मी हाक मारली. वारा आला, धुकं विरलं. खांब नव्हता. तो उभा होता तिथे काळं पाणी होतं, खाटेएवढं, कडा ताज्या फुटलेल्या.

मी गुडघ्यांवर बसून त्या पाण्यात पाहत राहिले. काही वर आलं नाही. ना टोपी, ना बुडबुडे.

१० मार्च

दक्षिणेचा वारा. सगळा बर्फ फुटून खाली वाहून गेला. खडक नुसता पाण्यात उभा आहे.

कोळी म्हणतात, तोही बुडाला. त्यांनी लांबून पाहिलं म्हणे, मी गुडघ्यांवर बसलेली. मी काही बोलत नाही.

२८ मार्च

एवाल्ड सापडला. दक्षिणेच्या वाळूवर. आईशेजारी ठेवला. पापांना खुर्चीतून उचलून नेलं. त्यांनी शवपेटीवर माती टाकली नाही, वेलीच्या छाटलेल्या काड्या टाकल्या. मी सगळ्या ओळी पूर्ण केल्या आहेत.

२१ एप्रिल

पास्टर ओल्रिख घरी आले. ईस्टरनंतरच्या रविवारी आमच्या बेटावर त्या हिवाळ्यात सरोवराने नेलेल्यांची नावं वाचतात, प्रत्येक नावाला एक घंटा. त्यांच्याकडे यादी होती. एवाल्ड. खाली दुसरं नाव, पुढची जागा मोकळी.

"श्री. प्रुइट यांचं जन्मसाल?" त्यांनी विचारलं.

"त्यांचं नाव नका लिहू."

"हेडविग, तू तिथे होतीस. त्याला बाहेर येताना पाहिलंस?"

"नाही."

"बुडताना?"

"तेही नाही."

पास्टर भले आहेत. लेखणी खाली ठेवून म्हणाले, "बाळ, घंटा मेलेल्यांसाठी नसते गं. राहिलेल्यांसाठी असते. नाव घेतलं नाही तर तुला रडायला जागा कुठली?"

मला त्यांचं म्हणणं पटलं. तरी नको म्हटलं. नाव लिहिलं की तो पाण्यात. मग ती मुलगी फाटकाशी उभी आहे ती आहेच.

२४ एप्रिल, रविवार

पापांनी हट्टाने चर्चला यायचं ठरवलं. हातगाडीवर बसवून नेलं, शेजाऱ्यांनी मदत केली. पहिल्या बाकावर बसलो. कोट आता त्यांच्या अंगात दोन माणसं मावतील एवढा झाला आहे. उन्हं आलीत, आता भरून येतील.

एवाल्डचं नाव वाचलं. घंटा झाली. पास्टरांनी पुस्तक मिटलं.

पापांना कमी ऐकू येतं, म्हणून त्यांना वाटतं सगळ्यांनाच कमी येतं. भर चर्चमध्ये मोठ्याने म्हणाले, "आणि तो? बर्फ मोजणारा?"

सगळे वळले. मी त्यांच्या कानाशी वाकले. "तो घरी गेला, पापा. मुलीकडे."

"पोचल्याचं कळवलं का त्याने?"

"नाही. तिथून कळवता येत नाही."

ते चौदा दिवस मी पापांना सांगितलेले नाहीत. एवाल्ड खडकाकडे का वळला हेही त्यांना ठाऊक नाही. त्यांनी माझा हात धरून आपल्या गुडघ्यावर ठेवला. त्यांचा हात अगदी हलका लागला.

"मग आपणच धरून चालायचं," ते म्हणाले. "पोचला म्हणून."

मी हो म्हटलं.